पॉइंट पंचवीसचे पिस्तूल आणि बाभळीची मेढ

जबाब देणार: श्रीमती लिडिया सॅमसन भिंगारदिवे, वय ६७, धंदा शेती, त्याआधी गावच्या शाळेत मुख्याध्यापिका, राहणार ओढ्याकाठची वस्ती, तालुका पारनेर, जिल्हा अहिल्यानगर.
लिहून घेणार: पोलीस हवालदार कारभारी.

मी आज स्वतःहून पोलीस ठाण्यात हजर झाले आहे. मला कोणी धमकावलेले नाही, पढवलेले तर मुळीच नाही, कारण मला पढवील असा माणूस गावात नाही. विचारल्यावरून सांगते ते असे.

मी वरील पत्त्यावर एकटी राहते. माझे पती सॅमसन हयात नाहीत. मुलगी स्टेला भिंगारला दिलेली आहे. माझी जमीन कोरडवाहू आहे, बाजरी आणि मटकी करते, विहिरीने साथ दिली तर थोडा कांदा. एक गाय आणि तिची कालवड आहे. वस्ती गावापासून लांब आहे, हाक मारली तर फक्त शेजारच्या सहादेव गुंजाळच्या घरी ऐकू जाते.

सहादेव माझा विद्यार्थी. त्याची जमीन माझ्या बांधाला लागून आहे. हवालदारांनी "सहादेव गुंजाळ यांनी" असे लिहायला घेतले, ते मी थांबवले. मी त्याला पाटी धरायला शिकवली आहे, त्याला मी अहोजाहो करणार नाही, कागदावरसुद्धा नाही. त्याची बायको साळूबाई. मी परगावी गेले की गाईची धार हीच दोघे काढतात, त्यासाठी माझ्या घराची एक किल्ली कायम त्यांच्याकडे असते.

गेल्या आठवड्यात नातवाच्या बाप्तिस्म्यासाठी मी भिंगारला गेले होते. परत आले त्याच सकाळी आमच्या वस्तीखालच्या ओढ्यात बिबट्या मरून पडलेला सापडला. त्याच्या खांद्याला भोक होते. काल दुपारपासून सहादेवला चौकशीसाठी ठाण्यात बसवून ठेवले आहे. माझे परवान्याचे पिस्तूल घरातून काढून त्याने बिबट्या मारला, असा त्याच्यावर संशय आहे. बिबट्या मारणे किती मोठा गुन्हा आहे ते मला माहीत आहे, शाळेत मीच शिकवत होते. त्यात माणूस वर्षानुवर्षे आत जातो. सहादेव आत गेला तर त्याच्या घरी म्हातारी आई आणि साळूबाई राहतील, आणि दोघींना बँकेत सहीसुद्धा करता येत नाही.

संशयाची कारणे मला हवालदारांनी वाचून दाखवली. बिबट्याने सहादेवच्या दोन शेळ्या नेल्या होत्या. मी नसताना घराची किल्ली त्याच्याकडे होती. मी भिंगारला असताना एके दिवशी ओढ्याच्या बाजूने बार ऐकू आला. आणि त्याआधी पारावर चार माणसांसमोर तो बोलला होता, की "आता आला तर बाईंचं पिस्तूल आनतो, एका गोळीत काम." शिवाय काल पोलिसांनी वस्तीवर येऊन मोजले, तेव्हा माझ्या परवान्यावर नोंदलेल्या गोळ्यांपैकी एक गोळी कमी भरली.

यातील पहिली चारही कारणे खरी आहेत. बार मात्र सुतळी बॉम्बचाही असू शकतो, बिबट्याची बातमी आल्यापासून आमच्याकडे दिवस मावळला की घरोघर तो वाजतो. पाचवे कारण, म्हणजे कमी भरणारी गोळी, तेही खरे आहे. ती गोळी मी उडवली. ती कुठे आहे हे मी दाखवू शकते. पण ते सांगण्याआधी पिस्तुलाबद्दल नीट लिहून घ्यावे लागेल.

हवालदारांनी "सदर अग्निशस्त्र" असे लिहिले होते. मी ते खोडून पिस्तूल लिहायला लावले.

माझ्याकडील पिस्तूल पॉइंट पंचवीस बोअरचे, सेमी-ऑटोमॅटिक, बेल्जियम देशात बनलेले आहे. सेमी-ऑटोमॅटिक म्हणजे एकदा घोडा दाबला की एक गोळी सुटते, रिकामी पुंगळी आपोआप बाहेर पडते आणि पुढची गोळी आपली आपण नळीत येऊन बसते. जिल्ह्यात ज्यांच्याकडे परवाना आहे त्यांच्याकडे बहुतेक पॉइंट बत्तीस असते. पंचवीस मी दुसऱ्या कोणाकडे पाहिलेले नाही. नूतनीकरणाच्या वेळी कोणीतरी हाताच्या सवयीने बत्तीस लिहितो आणि मी तिथेच उभी राहून ते दुरुस्त करून घेते. एकदा एक साहेब म्हणाले, "मॅडम, काय फरक पडतो?" मी म्हटले, तुमच्या मुलाच्या मार्कलिस्टवर बत्तीसच्या जागी पंचवीस लिहिते, मग सांगा. दुरुस्त झाले.

पिस्तूल माझे वडील शांतवन यांचे. ते भिंगारच्या छावणीत नागरी कारकून होते. बदलून जाणाऱ्या एका साहेबाकडून त्यांनी ते रीतसर परवाना काढून विकत घेतले. वडिलांना तीन मुलगे आणि मी एक मुलगी. परवाना वारसाने द्यायची वेळ आली तेव्हा तिन्ही भावांनी आपापले नाव पुढे केले. वडील म्हणाले, "तुम्ही तिघे ते लग्नात मिरवायला काढता. लिडिया पुसायला काढते." परवाना माझ्या नावावर झाला. त्यानंतर कितीतरी दिवस एकही भाऊ माझ्याशी नीट बोलला नाही आणि मला त्याचे काही वाटले नाही. हे जबाबात लागत नाही असे हवालदारांचे म्हणणे पडले. मी म्हटले, लागते, लिहा.

पिस्तुलाचे गुण. ते माझ्या तळहातात मावते. वजनाला पाव किलोपेक्षा थोडे जास्त भरेल. पदराखाली असले तर शेजारी बसलेल्या माणसाला कळत नाही. उडवताना हाताला झटका असा बसतच नाही म्हटले तरी चालेल, माझ्या सांधेदुखीच्या मनगटालासुद्धा नाही. सुटे भाग थोडे, त्यामुळे बिघडायला जागा कमी. मी ते डोळे मिटून उलगडते आणि जोडते, हवे असेल तर आत्ता टेबलावर करून दाखवते. (हवालदारांनी नको म्हटले.) सुरक्षेचा खटका लावलेला असला किंवा मूठ नीट दाबली नाही तर घोडा ओढला जात नाही, त्यामुळे घरात मुलेबाळे असली तरी घोर नाही. पोलाद असे की वडिलांच्या वेळची चकाकी अजून आहे. खोलीच्या या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत ते जिथे म्हणाल तिथे लागते. सरावाच्या वेळी मी पत्त्याच्या पानावर गोळ्या मारल्या आहेत आणि बत्तीसवाले आमदारांचे दोस्त बघत उभे राहिले आहेत. त्यांची पाने कोरी राहिली होती.

दर निवडणुकीला आचारसंहिता लागली की सगळ्या परवानाधारकांप्रमाणे मी ते याच ठाण्यात जमा करते. एकदा नव्याने आलेल्या शिपायाने हातात घेऊन विचारले, "आजी, हा लायटर आहे का?" मी त्याला म्हटले, लायटरला परवाना लागतो का, हे तुमच्या साहेबांना विचारून या, मी बसते. तो विचारून आला आणि पावती देताना त्याने मला मॅडम म्हटले. पावती जपून ठेवलेली आहे.

आता गावात या पिस्तुलाचे जे नाव आहे त्याबद्दल. सॅमसन गेले तेव्हा आमच्या पट्ट्यात विहिरीवरच्या मोटारी आणि केबली चोरीला जात होत्या. मला सगळे म्हणत होते, वस्ती सोडा, गावात खोली घ्या. मी पिठाच्या गिरणीत दळणाच्या रांगेत उभी राहून, सगळ्यांना ऐकू जाईल असे म्हटले, "माझ्याकडे वडिलांचं पिस्तूल आहे. त्याची गोळी एका भिंतीतून घुसून दुसऱ्या भिंतीत थांबते." एवढेच बोलले. पुढचे काम गावाने केले. महिन्याभरात ती गोळी दोन भिंतींतून जायला लागली, वर्षभरात तिने रानडुक्कर पाडले, आणि कोणीतरी पाहुणा मला सांगून गेला की तुमच्या वडिलांनी याच पिस्तुलाने वाघ मारला होता. वडिलांनी आयुष्यात उंदीरसुद्धा मारला नाही. मी कोणाला खोडून काढले नाही. माझ्या वस्तीवरून आजपर्यंत साधी दोरी चोरीला गेलेली नाही. एकट्या बाईने काटेरी तार न लावता एवढे कुंपण उभे केले, याचा मला अभिमान आहे आणि तो मी लपवत नाही.

काल सहादेवला इथे आणल्यावर मी निश्चिंत होते. मला वाटले, तो जे खरे आहे ते सांगेल आणि रात्री जेवायला घरी असेल. आज सकाळी साळूबाई माझ्याकडे आली. डोळे सुजलेले होते, पण रडली नाही. म्हणाली, "बाई, त्येनी तोंडच उघडना झालेत. सायेब इचारत्यात, गोळी कुठं गेली, तर म्हनत्यात, बाईंना इचारा. मारलास का, तर म्हनत्यात, बाईंना इचारा. मला म्हनले, त्या सांगतील तर सांगतील, मी न्हाई सांगनार. काय हाय ओ बाई, आसं काय हाय?"

मी तिला चहा दिला आणि घरी जायला सांगितले.  मग साडी बदलली आणि एसटीने इथे आले. जे आहे ते पुढीलप्रमाणे आहे.

भिंगारला जाण्याच्या काही दिवस आधीची गोष्ट. दिवेलागणीची वेळ होती. बिबट्याची बातमी असल्याने गोठ्यात जाताना मी पिस्तूल जवळ ठेवत होते. गोठ्यात पाऊल टाकले तर बिबट्या कडब्याच्या गंजीला पाठ लावून बसलेला होता आणि कालवडीकडे बघत होता. कालवड दाव्याला बांधलेली होती, तिला ओरडायचेही भान नव्हते. माझ्यात आणि त्याच्यात एका खाटेएवढे अंतर असेल.

मी खटका काढला आणि त्याच्या शेजारी असलेल्या गोठ्याच्या मेढीवर गोळी मारली. मेढ म्हणजे छप्पर पेलणारा खांब, तो बाभळीचा आहे. जनावराला मारायचे नाही, भिववायचे, एवढा विचार मी त्या घटकेला केला होता आणि नेम जिथे धरला तिथेच बसला, हेही नमूद करावे.

बिबट्या पळाला नाही. वर्गात उशिरा आलेले पोर बाईंकडे बघते तसे त्याने माझ्याकडे बघितले. एक कान हलवला. आणि पुन्हा कालवडीकडे तोंड केले.

मी दुसऱ्यांदा घोडा दाबला. गोळी उडाली नाही, नुसता खट् आवाज झाला.  मी भ्याले होते, हे मी आज पहिल्यांदा कोणाला तरी सांगते आहे.

तेवढ्यात सहादेव आला. त्याला गोळीचा आवाज ऐकू आलेला नव्हता. तो माझ्याकडे खुरपे मागायला येत होता. त्याने दारातून एकदा बघितले, तेलाचा पत्र्याचा रिकामा डबा उचलला आणि काठीने तो बडवत, तोंडाने शिव्या देत सरळ आत घुसला. माझ्या देखत त्याने आजवर कधी शिवी दिलेली नव्हती. बिबट्याने मागच्या कुडाच्या भिंतीवरून उडी टाकली आणि तो ओढ्याकडे गेला. सहादेवने आधी कालवडीच्या अंगावरून हात फिरवला आणि मग मला हाताला धरून गव्हाणीच्या कडेला बसवले.

नंतर त्याने टॉर्चच्या उजेडात मेढ बघितली. गोळी लाकडात बोटाच्या पेराएवढी आत जाऊन थांबली होती. तिचे बूड बाहेरून दिसत होते. त्याने त्यावर बोट ठेवले. त्याने लहानपणापासून माझ्या पिस्तुलाच्या गोष्टी ऐकल्या होत्या आणि पुढे गावातल्या पोरांना सांगितल्या होत्या. मग म्हणाला, "बाई, ह्या मेढीला आपन उद्या चिखल लिपू. ह्ये कुनी बघाय नगं. म्या बी कुठं बोलनार न्हाई." दुसऱ्या दिवशी येऊन त्याने स्वतः चिखल आणि शेण लिपले.

त्यानंतर पारावर लोकांनी त्याला विचारले, बिबट्या कसा पळाला. त्याने सांगितले, बाईंनी पिस्तूल नुसते रोखले आणि पळाला. डब्याचे नाव काढले नाही. लोक हसायला नकोत म्हणून वर बोलला, की पुन्हा आला तर तेच पिस्तूल आणतो, एका गोळीत काम. ज्या वाक्यावरून तुम्ही त्याला इथे बसवले आहे ते त्याचे नाही, गिरणीत मारलेल्या माझ्या बढाईतून आलेले आहे. त्याने ते माझी लाज राखायला वापरले. काल दुपारपासून तो इथे त्याच कारणाने गप्प बसला आहे. मी चाळीस वर्षे मुले शिकवली. असा एक निघाला, माझे सगळे भरून पावले.

मधल्या काळात स्टेलाचा फोन आला होता, मी एसटीत होते. तिने वकिलांना विचारले होते. म्हणाली, "मम्मी, सरळ सांग की पिस्तूल बिघडलंय, कितीतरी वर्षं उडतच नाही. विषय संपेल." मी तिला म्हटले, ते बिघडलेले नाही. ते उत्तम आहे. ते लहान आहे. ती म्हणाली, एकच झालं ना. एकच नाही. शांतवन भिंगारदिवे यांच्या हातचे... (इथे हवालदारांनी विचारले की भिंगारदिवे हे आडनाव सासरचे की माहेरचे. दोन्हीकडचे. भिंगारदिवे पुष्कळ आहेत, माझे लग्न त्यातच झाले.) ...तर शांतवन भिंगारदिवे यांच्या हातचे आणि माझ्या हातचे पिस्तूल बिघडलेले असू शकत नाही, आणि मी पोलीस ठाण्यात उभी राहून तसे म्हणणार नाही. जे दोष त्याच्यात जन्मापासून आहेत ते सांगेन. ते लिहायला हवालदारांना नवा परिच्छेद घ्यायला सांगितला आहे.

पिस्तुलाचे दोष. याची गोळी मटकीच्या शेंगेएवढी बारीक आणि हलकी आहे. ती भिंतीतून जात नाही. एकाही भिंतीतून जात नाही. नळी माझ्या करंगळीपेक्षा आखूड असल्याने खोलीबाहेर तिच्या नेमाचा भरवसा नाही. नेम धरायला वर नुसती एक खाच आहे, ती अंधारात दिसत नाही आणि चाळिशीच्या पुढे उजेडातही दिसत नाही. मुठीत दोनच बोटे बसतात. पुरुषाच्या पंजाला तर ते धरताच येत नाही, आणि सहादेवचा पंजा तुम्ही पाहिला आहे. आवाज दिवाळीतल्या टिकल्या फुटाव्यात एवढाच होतो, त्याला जनावर भीत नाही. या बोअरच्या गोळ्या नगरला कोणत्याही दुकानात मिळत नाहीत, मागितल्या तर बत्तीसच्या घ्या म्हणतात, आणि त्या यात बसत नाहीत. माझ्याकडच्या गोळ्या इतक्या जुन्या आहेत की त्यातली कोणती उडेल आणि कोणती नुसती खट् करील हे मलाही सांगता येणार नाही. हातभर अंतरावर उभ्या असलेल्या माणसाला ते इजा करू शकते, आणि तो माणूस ते बघून भ्याला तर त्याहून बरे. बिबट्याला ते मारू शकत नाही. मेढ फोडता आली नाही, ते बिबट्या काय मारणार.

ओढ्यातला बिबट्या मी वनरक्षकांसोबत, पंचांसमोर पाहिला आहे. एका खांद्याचे भोक दुसऱ्या खांद्यातून बाहेर पडलेले आहे. बाहेर पडले तिथे लिंबू मावेल. ते कशाने झाले, कोणी केले, ते मला माहीत नाही आणि माहीत नसलेले मी सांगणार नाही. पण पॉइंट पंचवीसने ते होत नाही. पंच घेऊन माझ्या गोठ्यावर या. मेढीवरचा चिखल काढा, गोळी तिथेच आहे. हवी तर करवतीने मेढच कापून न्या. छप्पर खाली येईल, ते मी पुन्हा घालीन. पिस्तूल, उरलेल्या गोळ्या आणि परवाना मी सोबत आणून टेबलावर ठेवले आहे. पेटीची किल्ली माझ्या गळ्यातल्या साखळीत क्रॉसशेजारी असते, ती भिंगारला माझ्यासोबत होती, पेटीचे कुलूप शाबूत आहे, तेही तपासावे.

बिबट्या गोठ्यात असताना मी गोळी उडवली आणि त्याची खबर दिली नाही, त्याबद्दल कायद्याने जे होईल ते माझ्यावर व्हावे. परवाना जाऊ शकतो असे हवालदारांनी मला समजावून सांगितले. मला समजले. परवाना गेला तर वाईट वाटेल, फार वाईट वाटेल. सहादेवचा यात काही संबंध लावू नये.

हवालदारांनी मला विचारले, की बाई, हे सगळे कागदावर आले म्हणजे कोर्टात जाईल, आणि कोर्टात गेले म्हणजे गावात जाईल, मग तुम्ही वस्तीवर एकट्या राहणार कशा.  आजपर्यंत माझे घर त्या पिस्तुलाने नाही, त्याच्या नावाने राखले. उद्यापासून ते नाव नसेल. मला भीती वाटते, हे जसेच्या तसे लिहा. भीती वाटते म्हणून मी एका निर्दोष माणसाला इथे बसू देणार नाही, हेही त्याखाली लिहा. मी वस्ती सोडणार नाही. मी तिथे जन्माला आले नाही, पण तिथल्या प्रत्येक बांधाचे दगड मी आणि सॅमसनने लावले आहेत.

वाचनानंतर माझ्या सांगण्यावरून पुढील मजकूर जोडला आहे. जबाब संपल्यावर हवालदार कारभारी दार लावून हळू आवाजात वाचू लागले. बाहेर ओसरीवर साळूबाई आणि गावातली बरीच माणसे येऊन बसलेली होती. त्यांना बाईंच्या पिस्तुलाने बिबट्या कसा पडला ते ऐकायचे होते. आतल्या बाकावर सहादेव भिंतीकडे तोंड करून बसला होता. हवालदार म्हणाले, "बाई, तुमच्या मानाचा प्रश्न हाय, दार लावलेलं बरं." मी त्यांना दार उघडायला सांगितले आणि जबाब पहिल्यापासून मोठ्याने वाचायला सांगितला. मेढीच्या ठिकाणी सहादेव माझ्याकडे न बघता म्हणाला, "बाई, कशाला वो." मी त्याला गप्प बस म्हटले आणि तो बसला. दोषांचा परिच्छेद ओसरीवरच्या शेवटच्या माणसाला नीट ऐकू गेला नाही, अशी मला शंका आली. म्हणून तो माझ्या सांगण्यावरून दुसऱ्यांदा वाचण्यात आला. बाहेर कोणी हसले नाही.

वरील जबाब मी सांगितला तसाच उतरवलेला आहे. तो मला आणि बाहेर बसलेल्या गावाला वाचून दाखवला, दोषांचा परिच्छेद दोनदा. दोन्ही वेळा तो बरोबर आहे.

सही
लिडिया सॅमसन भिंगारदिवे

समक्ष
पोलीस हवालदार कारभारी